बस्त्यावबाबची वही

"करफू."

"करफू. फुडे?"

"फुडे... थांब जरा. मदलसिनी."

"ती दालचिनी मां?"

"दालचिनी. लिवन घे."

स्टोअरचं दार आतून लोटलेलं होतं आणि मी बाहेर रिकामा वाडगा घेऊन उभा होतो. आलो होतो दुपारच्या मटणासाठी मसाला काढून घ्यायला. पण ते शब्द कानावर पडले आणि पाय जागच्या जागी खिळले. करफू म्हणजे लवंग. मदलसिनी म्हणजे दालचिनी. झांजीबारच्या बाजारातली नावं ही. ती मिळवायला मला अकरा वर्षं लागली होती हो! आणि हा सगुण पेडणेकर, बोटीवर चढून धड पाच आठवडे झाले नव्हते त्याला, तो आत मांडी घालून ती सगळी एका बैठकीत वहीत उतरवून घेत होता. माझ्या अंगाचा असा तिळपापड झाला म्हणता, काय सांगू.

गोष्ट चौऱ्याहत्तर सालची. बोटीचं नाव सांगत नाही, तिच्यावरची काही माणसं अजून हयात आहेत. मालाची बोट, मुंबईहून एडन, तिथून खाली आफ्रिकेचा किनारा. मी दामोदर शिरधनकर, गाव हर्णै, तेव्हा तिच्यावर मुख्य स्वयंपाकी. सगुण माझ्या हाताखालचा, दुसरा स्वयंपाकी. आणि आम्हा दोघांच्या वर बटलर, म्हणजे बस्त्याव फर्नांडिस. मालवणचा ख्रिस्ती माणूस. सगळी बोट त्यांना बस्त्यावबाब म्हणायची. भटारखाना, स्टोअर, साहेबांची मेजं, बंदरावरचा बाजार, सगळं त्यांच्या हाती. चौतीस वर्षं समुद्रावर काढलेली, आणि ही त्यांची शेवटची सफर. मुंबईला उतरले की थेट मालवण.

त्यांच्या जागी कोण, हे कॅप्टन मेहेरजी त्यांनाच विचारणार असं कधीचंच ठरलेलं होतं. आता खरं सांगतो, लाजत नाही. ती जागा मी माझीच धरून बसलो होतो. बायकोला पत्राने कळवूनसुद्धा टाकलं होतं की पुढल्या खेपेला मी बटलर.

का धरू नये? बस्त्यावबाबनी मला शिकवलंच तसं होतं. त्यांची शिकवायची रीत जगावेगळी. बंदरात बाजार झाला की परतताना मला एक नाव द्यायचे. एकच. दुसरं मागितलं की म्हणायचे, "फुडल्या खेपेक." नाव देण्याआधी तो जिन्नस जिभेवर ठेवायला लावायचे, तो विरघळेपर्यंत गप्प बसवायचे, आणि मग नाव सांगायचे. एडनला पहिलं नाव मिळालं ते वेलचीचं, हेल. दोन महिन्यांनी जिरं, कम्मून. मग धने, कुझबरा. झांजीबारला वेलचीचीच इलिकी झाली आणि धन्यांचं गिलिगिलानी. आणि लिहायचं नाही! एकदा मी सिगारेटच्या पाकिटावर हळदीचं नाव लिहून घेतलं, तर त्यांनी ते पाकीट चुरगाळून माझ्या अंगावर फेकलं. "कागदार लिवलेलां कागदाचां," म्हणाले, "तुझां काय तां?"

आणि आता तेच बस्त्यावबाब सगुणला म्हणत होते, लिवन घे.

मी दार ढकललं. सगुणने वही पटकन मिटून मांडीखाली सरकवली. बस्त्यावबाब तांदळाच्या पोत्यावर बसले होते, अंगात तो नेहमीचा पांढरा कोट.

"मसाला हवा होता," मी म्हटलं. "काय लिहिणं चाललंय एवढं?"

बस्त्यावबाब माझ्याकडे न बघता म्हणाले, "घराक पत्र लिवक सांगतंय. माझो हात कापता आताशा."

तोंडावर खोटं! ज्या माणसाला मी बापाच्या जागी मानलं तो माझ्या तोंडावर खोटं बोलत होता, आणि तेही त्या मिसरूडवाल्यासाठी. मी वाडगा पुढे केला. सगुण उठला आणि त्याने मसाला घालून दिला. बाब बसूनच राहिले.

त्या दिवसापासून मला सगळ्यातच ते दोघे दिसायला लागले. स्टोअरमधले डबे तीस वर्षं कोरे होते. कुठल्या डब्यात काय ते बाबना ठाऊक आणि मला ठाऊक, तिसऱ्याचं काम नाही. आता सगुणने त्यांच्यावर कागद चिकटवले. एका कागदावर मराठी, खाली इंग्रजी, खाली बाजारातली नावं. जिरे, कमिन, कम्मून. धने, कोरिअँडर, कुझबरा. अक्षर तर मेल्याचं छापल्यासारखं. मॅट्रिक झालेला ना! मी चौथीतून उठलेला, मला इंग्रजीत माझं नाव लिहायला पाच मिनिटं लागायची. आणि बटलरला साहेबांशी इंग्रजी लागतं, हेही मला कळत होतं. तेच तर पोटात दुखत होतं.

बाब डबा उघडून उभे राहायचे, आणि सगुण त्यांच्या कानाला लागून काहीतरी पुटपुटायचा. मग बाब मान हलवायचे. मी वळलो की दोघं गप्प. मला वाटायचं, माझ्याबद्दलच बोलतायत. दोघं मालवणी, मी हर्णैचा, मधे पडलेला खडा. संध्याकाळी डेकवर दोघंच फेऱ्या मारायचे. पूर्वी ती जागा माझी होती.

एकदा कांदे चिरताना मी सगुणला छेडलंच. "काय रे, बाबनी आज कुठलं नाव दिलं?"

"काय नाय, भाऊ. असांच."

"असंच कसं? वहीभर दिलंयत की. आम्हाला बुवा एकेका नावासाठी अख्खी सफर घासावी लागली. तुमचं बरंय, शिकलेली माणसं."

तो कांदा चिरत राहिला. डोळ्यांतून पाणी वाहत होतं. कांद्याचं असेल, दुसरं कशाचं असेल, मी विचारलं नाही. मला त्याच्या गप्प बसण्याचाच राग आला. उलट बोलला असता तर चार शिव्या तरी देता आल्या असत्या.

झांजीबार दुसऱ्या दिवसावर आलं. सकाळी बाब मासळी बघायला भटारखान्यात आले. उकडत होतं, म्हणून त्यांनी कोट काढून खिळ्याला टांगला आणि बर्फाच्या पेटीत वाकले. कोटाच्या खिशातून वही डोकावत होती. म्हणजे आता वही बाबांच्याच खिशात! सगुणला देण्याआधी तपासत असणार, चुकलंमाकलं दुरुस्त करून देत असणार, असं माझ्या मनाने लगेच घेतलं. सगुण ओट्याला पाठ करून पीठ चाळत होता.

मी वही काढली. मधलंच पान उघडलं. करफू, इलिकी, आल्याची तंगाविझी, जायफळाचं कुंगुमंगा. माझी नावं. एकेक बंदर, एकेक चव, एकेक वर्ष, आणि ती तिथे शाळेतल्या पाढ्यांसारखी ओळीने मांडून ठेवलेली. बटाट्याच्या सालींची बादली दाराशी भरून ठेवली होती. वही तिच्यात खुपसली, वर साली लोटल्या, बादली उचलली, बाहेर गेलो आणि कठड्यावरून सगळं समुद्रात उपडं केलं. परत आलो तेव्हा बाब मासा हातात घेऊन म्हणत होते, "ताजो आसा."

मला बरं वाटलं. खोटं कशाला बोलू? फार दिवसांनी पोटभर जेवल्यासारखं वाटलं.

झांजीबारला बोट लागली. बाब सकाळपासून खिसे चाचपत होते. स्टोअरमध्ये जाऊन आले, केबिनमध्ये जाऊन आले, पुन्हा स्टोअरमध्ये. मग मला म्हणाले, "सगुण खंय? बाजारात जावक व्हया."

"सगुणला मी पाव भाजायला बसवलंय," मी म्हटलं. "बंदरावरचे एजंट साहेब जेवायला आहेत. मी येतो ना तुमच्याबरोबर. नेहमी मीच येतो की."

मुख्य स्वयंपाकी मी होतो, सगुणला कुठे बसवायचं ते माझ्या हातात होतं. बाब घाबरल्यासारखे दिसले. मला वाटलं, लाडक्याला नेता आलं नाही म्हणून चेहरा उतरला असेल. उतरू दे, म्हटलं.

आम्ही लाँचने किनाऱ्यावर गेलो. झांजीबारच्या रस्त्यांवर चटया पसरून लवंगा वाळत घालतात. गल्लीत शिरलं की वासाने नाक भरून जातं. बी हलीमाचं दुकान ठरलेलं. साठीची जाडजूड बाई, सदा हसणारी. तिचा आणि बाबांचा वीस वर्षांचा खेळ होता. ती पोत्यातला एकेक जिन्नस मुठीत धरून उचलायची, बाब तिच्या भाषेत नाव घ्यायचे, आणि ती आमच्या भाषेत. बाब म्हणायचे इलिकी, ती म्हणायची वेलची. ती "धने"ला "दाने" म्हणायची आणि दुकानातली गिऱ्हाइकं हसायची. मी मागे पिशव्या धरून उभा राहायचो आणि मनात म्हणायचो, एक दिवस पुढे मी असेन.

आज तिने बाबना बघितलं आणि दोन्ही हात वर केले. मग चटईवरच्या लवंगा मुठीत घेतल्या, एक बाबांच्या तळहातावर ठेवली, आणि हसत वाट बघत राहिली.

बाबनी लवंग बघितली. नाकाला लावली. उलटी केली. हलीमा हसतच होती. बाजूचा एक म्हातारा गिऱ्हाईकही हसायला तयार होऊन उभा.

बाब काही बोलेनात.

मला वाटलं चेष्टा करतायत. मग त्यांनी माझ्याकडे वळून बघितलं. त्या डोळ्यांत चेष्टा नव्हती. हळूच, हलीमाला ऐकू जाऊ नये म्हणून जणू, म्हणाले,

"दामू, ह्येका आपल्याकडे काय म्हणतत रे?"

तिच्या भाषेत नव्हे. आपल्याकडे! मालवणच्या माणसाला, चौतीस वर्षं मसाल्यात हात घातलेल्या माणसाला, लवंगेचं नाव येत नव्हतं.

"लवंग," मी म्हटलं.

"हां. लवंग. आणि हेंच्याकडे?"

"करफू."

"करफू," ते हलीमाला म्हणाले. हलीमाने मान हलवली, पण आता ती हसत नव्हती. तिने वेलची उचलली. बाबनी पुन्हा माझ्याकडे बघितलं.

असे एकामागून एक अकरा जिन्नस. प्रत्येकाचं नाव मी सांगितलं, आमच्याकडचंही आणि त्यांच्याकडचंही. अख्ख्या दुकानासमोर, मोठ्याने, एकही न चुकता. अकरा वर्षं मला हेच हवं होतं. शेवटी हलीमाने सामान बांधलं आणि बाबांच्या हातात न देता माझ्या हातात दिलं.

लाँचमध्ये बसल्यावर बाब पाण्याकडे बघत बोलायला लागले.

"वरीस झाला ह्या. आदी एक नाव जाय, मगे दोन. आता सकाळी याद आसता, दुपारी नाय. म्हणान सगुणाकडसून वही करून घेतलंय. बाजारात खिशात हात घालून हळूच बघी. डब्यांर पण तेच्याकडसूनच लिवन घेतलंय. इतकी एक सफर निभावली की सुटलंय, म्हटलंय. आणि काल वहीच हारवली. सगुणाक सांगा नको हां. लय म्हेनत केल्यान तेनी. वायट वाटात तेका."

"बाब, मला का नाही सांगितलंत?" मी म्हटलं. "मला तर सगळं पाठ आहे. वही कशाला लागली असती? मी होतो ना!"

"म्हणानच नाय सांगलंय," बाब म्हणाले. "तुका मी शिकवलंय. तुका लिवक दिलंय नाय, रागान बोललंय. तुझ्या म्होरं उभो ऱ्हवान विचारू काय, दामू, लवंगेक काय म्हणतत? माका लाज वाटली रे. सगुण नवो. तेच्या म्होरं लाज वाटणा नाय."

तेव्हाच सांगायला हवं होतं, की बाब, वही हरवली नाही. लाँचमध्ये आम्ही दोघंच, इंजिनवाल्याला आमची भाषा कळत नव्हती. शब्द ओठांपर्यंत आला होता. मी सामानाची गाठ सोडली आणि पुन्हा बांधली. बस्स, एवढंच केलं.

पुढचे दोन दिवस मी त्यांच्या सावलीसारखा राहिलो. ते डबा उघडायच्या आधीच मी नाव घ्यायचो, सहज बोलल्यासारखं. मला वाटत होतं, मुंबईपर्यंत असं ओढून नेता येईल. माझं पाप असं फेडीन. पण मोंबासा यायच्या आदल्या दिवशी कॅप्टन मेहेरजींनी आम्हा तिघांना केबिनमध्ये बोलावलं.

"बस्त्याव, ऑफिसला पत्र पाठवायचंय," कॅप्टन म्हणाले. पारशी माणूस, पण मराठी छान बोलायचे. "तुझ्या जागी कोण? तू म्हणशील तो."

बाबांचा हात कोटाच्या खिशात गेला. रिकामा बाहेर आला. दुसऱ्या खिशात गेला. त्यांनी माझ्याकडे बघितलं, सगुणकडे बघितलं, मग पुन्हा खिशाकडे. ओठ हलत होते. कॅप्टननी पेन खाली ठेवलं.

"बस्त्याव?"

मग सगुण एक पाऊल पुढे झाला. "साहेब, बाबनी मला आधीच लिहून ठेवायला सांगितलं होतं. वहीच्या पहिल्याच पानावर. कॅप्टन साहेबांनी विचारलं तर सांगायचं, दामोदर शिरधनकर."

"हां!" बाब एकदम म्हणाले, आणि त्यांचा चेहरा उजळला. "दामू! दामूच! दुसरो कोण?"

मला धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं. पहिलं पान. मी मधलं उघडलं होतं.

कॅप्टननी बाबांकडे बघितलं. मग अगदी मऊ आवाजात त्यांनी विचारलं, "बस्त्याव, एवढं एक नाव तू लिहून का ठेवायला लावलंस?"

बाबनी पुन्हा खिसा चाचपला. सगुण खाली बघत उभा. मीही. कॅप्टन काय ते समजले.

मोंबासाला मुंबईकडे निघालेली दुसरी एक बोट उभी होती. बाबना तिच्यावर प्रवासी म्हणून चढवलं. कॅप्टन म्हणाले, विस्तवाजवळचं काम, मी जोखीम घेऊ शकत नाही. त्यांचं काही चुकलं नाही. चौतीस वर्षांच्या नोकरीतले शेवटचे अडीच महिने बाबांचे राहून गेले. आपल्याच बोटीवरून निरोप, केक, सगळ्यांची टोप्या काढून सलामी, हे सगळं सारंगाने, म्हणजे खलाशांच्या मुकादमाने, मुंबईसाठी योजून ठेवलं होतं, तेही राहिलं. जाताना त्यांनी सगुणच्या डोक्यावर हात ठेवला. मला मिठी मारली आणि म्हणाले, "आता माका काळजी नाय."

लाँच दिसेनाशी झाली तरी सगुण आणि मी कठड्याशी उभे होतो. मला राहवेना. म्हटलं आता नाही बोललो तर आयुष्यात बोलणार नाही.

"सगुण, वही मी टाकली."

"माका म्हायत आसा," तो म्हणाला.

मी कठडा सोडून त्याच्याकडे वळलो.

"सालींची बादली रोज मी ओततंय, भाऊ. तुमी मुख्य स्वयंपाकी. पाच आठवड्यांत तुमी कधी बादलेक हात लावलो नाय. त्या दिसा लावलात. दुपारी बाब वही सोदूक लागले, तेव्हाच माका कळलां."

"मग बाबना का नाही सांगितलंस?"

"सांगान काय झाला असता? वही परत मिळाली असती?"

"आणि कॅप्टनना माझं नाव कशाला सांगितलंस?" माझा आवाज चढला, कशासाठी देव जाणे. "तुझं सांगायचं होतंस! वही समुद्रात. बाबना आठवत नव्हतं. तुझं नाव घेतलं असतंस तर कोण विचारणार होतं तुला?"

त्याने पहिल्यांदा माझ्याकडे सरळ बघितलं.

"बाबनी जां सांगल्यानी, तां सांगलंय," तो म्हणाला. "तुमच्यासाठी न्हय."

आणि तो आत गेला. चार वाजायला आले होते, सगळ्या बोटीचा चहा व्हायचा होता, आणि आता कुणी काय करायचं ते मीच सांगायचं होतं.